भिशी लागली, आता लेन्स कोणती?

प्रश्न : नमस्कार. मी संगमनेर तालुक्यात जिल्हा परिषदेच्या शाळेत शिकवते. माझ्याकडे सोनी ए७ थ्री आणि त्याच्यासोबत आलेली २८-७० ची किट लेन्स आहे. दर उन्हाळ्यात आम्ही अकोले गावावरून भंडारदऱ्याला जातो. काजवे आणि आकाशगंगा, दोन्हींचं वेड लागलंय, पण किट लेन्सने फोटो काळपट आणि दाणेदार येतात. यंदा माझी भिशी लागली, म्हणून एक चांगली वाइड लेन्स घ्यायचं ठरवलंय. दुकानदार म्हणतो सोनीची १४ एमएम एफ १.८ जीएम घ्या. व्हिडिओंमध्ये सगळे सिग्माच्या १४ एमएम एफ १.४ चं कौतुक करतात. माझा मुलगा म्हणतो, सोनीची २० एमएम एफ १.८ जी पुरे. वर्षभर याच लेन्सने घरचे कार्यक्रम, जुने वाडे, देवळंही काढायची आहेत. दुकानात लेन्स हातात मिळते ती जेमतेम दहा मिनिटं. तेवढ्यात बघायचं काय? आणि दुबईतला मावसभाऊ स्वस्तात आणून देतो म्हणतोय, त्याच्याकडून मागवू का?
– एक वाचक, संगमनेर

उत्तर : ताई, मुलाचं ऐका. तुमच्या कामाला २० एमएम एफ १.८ बरोबर आहे. १४ जीएम सुरेख लेन्स आहे यात वाद नाही, पण तुमची पहिली वाइड लेन्स ती असू नये. आता एवढ्यावर थांबलो तर दुकानदार तुम्हाला पुन्हा गोंधळात टाकणार, तेव्हा कारणंही सांगतो आणि लेन्स पारखायची कशी तेही.

आधी त्या एफच्या आकड्याकडे बघू, कारण सगळी विक्री त्याच्यावर चालते. हा आकडा म्हणजे साधा भागाकार. फोकल लेंग्थला (लेन्सच्या नावातला १४, २० हा एमएमचा आकडा) लेन्सच्या उघड्या छिद्राच्या व्यासाने भागायचं. उलट गणित केलं की छिद्र केवढं ते कळतं. १४ एमएम एफ १.८ चं छिद्र ७.८ मिलिमीटर. २० एमएम एफ १.८ चं ११.१ मिलिमीटर. आणि ज्या किट लेन्सला तुम्ही नावं ठेवताय तिचं, २८ एमएम एफ ३.५ ला? ८ मिलिमीटर. वर्गात मुलांना घालायला बरं गणित आहे हे.

याचा ताऱ्यांशी संबंध असा. तारा हा ठिपका. कुठलीही लेन्स लावा, तो ठिपकाच राहतो, त्यामुळे दर सेकंदाला त्याचा किती उजेड सेन्सरवर जमा होणार हे छिद्राच्या क्षेत्रफळावर ठरतं. म्हणजे एकेका ताऱ्याच्या हिशेबाने १४ जीएम तुमच्या किट लेन्सपेक्षा सेकंदाला जास्त काही देत नाही. २० जी मात्र दुप्पट देते. आकाशगंगेचा धुरकट पट्टा, ढगांच्या कडा, चांदण्यातला डोंगर यांचं गणित वेगळं. तो पसरलेला उजेड, तिथे एफचाच आकडा चालतो. एफ ३.५ वरून १.८ वर आलात की पट्टा पावणेचार पट उजळ नोंदला जातो, मग लेन्स १४ असो की २०. थोडक्यात, पट्ट्यासाठी दोघी बरोबरीच्या, ताऱ्यांसाठी २० पुढे. आणि काजवा? तोही ठिपकाच, त्यामुळे तिथेही २० पुढे.

यावर दुकानदार म्हणेल, १४ वर जास्त वेळ शटर उघडं ठेवता येतं. खरं आहे. ५०० च्या जुन्या नियमाप्रमाणे (५०० ला फोकल लेंग्थने भागायचं, येतील तेवढे सेकंद) १४ वर ३५ सेकंद आणि २० वर २५ सेकंद मिळतात. पण हा नियम फिल्मच्या आणि छोट्या प्रिंटच्या काळाला ठीक होता. तुमच्या २४ मेगापिक्सेलच्या सेन्सरवर २० एमएमने तारा दर चार सेकंदांना साधारण एक पिक्सेल सरकतो. २५ सेकंदांत सहा पिक्सेल, म्हणजे ताऱ्याची रेघ. तीन पिक्सेलपर्यंत चालवून घ्यायचं म्हटलं तर २० वर १२-१३ सेकंद, १४ वर १७ च्या आसपास. तेवढ्याने पट्ट्याच्या बाबतीत १४ जरा पुढे सरकते, ताऱ्यांच्या बाबतीत तरीही मागेच राहते.

सिग्मा १४ एफ १.४ चं काय? छिद्र १० मिलिमीटर, कोपरे नावाजलेले, आणि बनवलीच मुळात आकाशाच्या फोटोंसाठी. दव पडू नये म्हणून हीटरचा पट्टा बांधतात तो घसरू नये अशी कड तिच्यावर आहे, फोकस लॉक करायचं बटण आहे, ट्रायपॉडचा पाय आहे. आणि वजन एक किलो १७० ग्रॅमच्या घरात. तुमची कॅमेऱ्याची बॉडी ६५० ग्रॅमची. ही लेन्स लावून हळदीकुंकवाचे फोटो काढणार असाल तर बायका आधी लेन्सबद्दलच विचारतील. वर्षातून दोनदा ट्रायपॉडवर चढायची आणि एरवी कपाटात राहायची, अशी वस्तू भिशीच्या पैशांत घेऊ नये असं माझं स्पष्ट मत आहे. २० जी ३७३ ग्रॅमची, १४ जीएम ४६० ची. वजनाच्या बाबतीत या दोघींत भांडण नाही.

भांडण आहे ते चौकटीचं. भंडारदऱ्याहून आकाशगंगेचा गाभा, म्हणजे वृश्चिकाची नांगी (मूळ नक्षत्र) आणि धनू यांच्या मधला तो दाट भाग, मे महिन्यात रात्री दहाच्या सुमारास आग्नेयेला उगवतो आणि पहाटे तीनच्या आसपास दक्षिणेला सर्वांत वर येतो. सर्वांत वर म्हणजे क्षितिजापासून साधारण ४१ अंश, त्याहून उंच तो आपल्याकडे जातच नाही. २० एमएम उभी धरली की तिला वरपासून खालपर्यंत ८४ अंश दिसतात, आडवी धरली तर ६२. म्हणजे आडव्या चौकटीतही खाली पाणी, मध्ये डोंगर, वर गाभा, सगळं बसतं. नाशिक-घोटीचा उजेड तिथून उत्तरेला, तुमच्या पाठीशी राहतो, ही भंडारदऱ्याची मेहेरबानी. मुंबईकडचा मात्र पश्चिमेला राहतो, म्हणून गाभा त्या बाजूला कलायच्या आत फोटो उरकायचे.

१४ वर हेच चित्र घेतलं तर आकाश भरपूर येतं आणि डोंगर बसकाच मारतो. क्षितिजापासून १० अंश उंच दिसणारा एखादा सुळका धरा. तुमच्या सेन्सरची उंची २४ मिलिमीटर. २८ वर तो सुळका त्यावर पाच मिलिमीटर उंच येईल, २० वर साडेतीन, १४ वर अडीच. रतनगडाचं नेढं (कड्यातलं आरपार भोक) दाखवायचं असेल तर १४ ने ते शोधावं लागेल. वाइड लेन्स म्हणजे जास्त मावतं, एवढंच लोक ऐकतात. जे मावतं ते बारीक होऊन मावतं, हे घरी जाऊन कळतं.

१४ चा अधिकार कुठे आहे तेही सांगायला हवं. रतनवाडीच्या अमृतेश्वरासारख्या देवळात मंडपात उभं राहून खांब आणि छत एकत्र घ्यायचं असेल, वाड्याच्या अरुंद चौकातून चारी बाजूंचे सोपे एका फोटोत हवे असतील, तर मागे सरकायला जागाच नसते आणि तिथे २० तोकडी पडते. पण देऊळ हलत नाही. ट्रायपॉडवर दोन-तीन फोटो शेजारी शेजारी घेऊन जोडता येतात. घरच्या कार्यक्रमात तसं जमत नाही, आणि तिथे १४ फार त्रास देते. सरळ रेषा सरळ ठेवणाऱ्या कुठल्याही लेन्सला कोपऱ्यातल्या गोष्टी ताणाव्याच लागतात, हा भूमितीचा हिशेब आहे, लेन्सचा दोष नव्हे. अगदी कोपऱ्यातला गोल चेहरा १४ वर सुमारे १.८ पट लांबट होतो, २० वर दीडपट. ग्रुप फोटोत कडेला उभ्या राहिलेल्या नणंदेचं डोकं दुधीभोपळ्यासारखं आलं तर पुढचे सहा महिने ऐकावं लागेल. २० वरही कडेला माणूस उभा करू नका, तिथे दाराची चौकट नाहीतर तुळशीवृंदावन येऊ द्या.

आता पारखायचं कसं. सगळ्यात मुख्य गोष्ट आधी सांगतो. वेगवान, म्हणजे मोठ्या छिद्राच्या, लेन्सचे पैसे आपण एफ १.८ साठी मोजतो. ती लेन्स १.८ ला कोपऱ्यात एवढी खराब असेल की दर वेळी २.८ वर यावंसं वाटेल, तर १.८ चे पैसे पाण्यात. २.८ ला आलात की उजेड जवळपास अडीचपट कमी. तेव्हा लेन्स कोणतीही असो, तिला विचारायचा प्रश्न एकच: किती अपर्चरला (एफच्या कितव्या आकड्याला) हिचा कोपरा मला चालतो? मधला भाग हल्ली सगळ्यांचाच चांगला असतो. त्यावर वेळ घालवू नका.

दुकानातली दहा मिनिटं अशी वापरा. स्वतःची बॉडी, स्वतःचं कार्ड न्या. मेनूत लेन्स कॉम्पेन्सेशन म्हणून विभाग आहे, त्यातल्या बंद करता येतील त्या सगळ्या दुरुस्त्या बंद करा आणि फाइल रॉ (कॅमेऱ्याने प्रक्रिया न केलेली) ठेवा, नाहीतर तुम्ही लेन्स न बघता कॅमेऱ्याची रंगसफेदी बघाल. शटर मेकॅनिकल ठेवा, दुकानातल्या एलईडीखाली सायलेंट शटरने पट्टे येतात आणि उगाच लेन्सवर संशय. मग दुकानाच्या दारात या. रस्त्यापलीकडे, जितकी लांब मिळेल तितकी लांब, बारीक अक्षरांची एखादी पाटी शोधा. एफ १.८, पाटी चौकटीच्या मधोमध, मोठं करून हाताने फोकस. आता फोकसला हात न लावता कॅमेरा वळवून तीच पाटी एकेका कोपऱ्यात आणा. चार कोपरे, चार फोटो. परत मध्ये आणून पाचवा, फोकस हलला नाही याची खात्री म्हणून. हेच एफ २.८ ला पुन्हा. दहा फोटो झाले, दोन-तीन मिनिटांचं काम.

यात चारही कोपरे सारखेच थोडे मऊ असले तर तो त्या लेन्सचा स्वभाव. तीन बरे आणि एक घसरलेला असेल तर ती विशिष्ट लेन्स बिघडलेली आहे, आतली भिंगं एका अक्षावर बसलेली नाहीत. इतक्या वाइड लेन्समध्ये हे होतं, कारण भिंगं पुष्कळ आणि वक्र फार. १४ जीएममध्ये १४ भिंगं आहेत, त्यातलं एक जरासं तिरपं बसलं तरी पुरतं. असं दिसलं तर वाद घालत बसू नका, दुसरा डबा उघडायला सांगा. त्यातही तोच कोपरा घसरला तर किट लेन्सने एकदा करून बघा, बॉडीच्या माउंटमध्येही (लेन्स बसते त्या कड्यात) खोट असू शकते.

विटांच्या भिंतीचा फोटो काढून लेन्स तपासायची पद्धत बरेच जण सांगतात. वाइड लेन्ससाठी ती मला मान्य नाही. भिंतीला कॅमेरा अगदी समांतर हातात धरणं अशक्य, दोन अंशांचा कल पडला तरी एक बाजू मऊ येते आणि चांगली लेन्स नापास होते. लांबची वस्तू बरी.

बिल करताना दोन गोष्टी करून घ्या. डब्यावरचा आणि लेन्सवरचा सिरियल नंबर बिलावर येऊ द्या. आणि चार-पाच दिवसांत दोष सापडला तर बदलून देणार, हे लिहून घ्या. तोंडी "हो हो ताई, बघू" चालत नाही. कारण खरी परीक्षा घरच्या गच्चीवर व्हायची आहे.

गच्चीवर अंधार पडल्यावर लांबचा एखादा दिवा धरा. मोबाइल टॉवरवरचा लाल दिवा उत्तम, कमीत कमी दोनशे मीटर दूर असावा. पाटीचं जे केलं तेच दिव्याचं करायचं: मध्ये फोकस, मग चारही कोपरे. मध्ये दिवा ठिपका दिसतो, कोपऱ्यात त्याला पंख फुटतात. दोन्ही बाजूंना पसरलेले, उडत्या पक्ष्यासारखे. याला सगळे कोमा म्हणतात, प्रत्यक्षात कोमा आणि अ‍ॅस्टिग्मॅटिझम यांची ती मिसळ असते. पंख केवढे आहेत आणि कितव्या अपर्चरला जातात ते लिहून ठेवा: १.८, २, २.२, २.८. चांगल्या लेन्समध्ये १.८ ला जरासे पंख असतात आणि २.२ पर्यंत मिटत जातात. २.८ लाही अंगठ्याएवढे पंख दिसले तर ती रात्रीची लेन्स नाही.

आता दुसरी फेरी, जी सहसा कोणी करत नाही. दिवा कोपऱ्यातच ठेवून तिथेच पुन्हा फोकस करा. ठिपका एकदम साफ झाला तर मघाचा दोष कोम्याचा नव्हता. लेन्सचं फोकसचं प्रतल सपाट नसून वाटीसारखं वाकलेलं आहे, म्हणजे मध्य आणि कोपरा वेगवेगळ्या अंतरावर फोकस होतात. या दोन दोषांना औषध वेगवेगळं. कोम्याला अपर्चर बारीक करावं लागतं. वाकलेल्या प्रतलाला तसं करायची गरज नाही: अगदी मध्यावर फोकस न करता, मध्यापासून कडेकडे एक तृतीयांश अंतरावरच्या ताऱ्यावर केला की दोन्हीकडे थोडं थोडं मिळतं. वाकडेपणा डोळ्यांनी बघायचा असेल तर शाळेच्या मैदानावर जा, कॅमेरा खाली झुकवून १.८ ला गवताचा फोटो काढा. गवतात धारदार दिसणारा पट्टा आडवा सरळ जातो की कडांना पुढे-मागे वळतो, लगेच दिसतं.

कोपरे काळे पडणं दिवसाच तपासा, ढगाळ आकाशाचा किंवा पांढऱ्या भिंतीचा फोटो पुरतो. वाइड लेन्सच्या कडांना उजेड तिरपा येतो, तो कमी पडणारच. सॉफ्टवेअर ते उजळून देतं, पण फुकट देत नाही. मध्ये आयएसओ (सेन्सरची संवेदनशीलता) ३२०० असेल आणि कोपरा दोन स्टॉप, म्हणजे चौपट, उचलावा लागला तर त्या कोपऱ्यात १२८०० चे दाणे दिसणार. तुमच्या फोटोंमध्ये खालचे दोन कोपरे म्हणजे डोंगर आणि पाणी, आधीच काळोखात. पुष्कळदा "कॅमेऱ्याला नॉइज फार" अशी तक्रार येते ती मुळात कोपऱ्यांची असते.

रेषा वाकणं हा मुद्दा तुमच्यासाठी वाड्यांपुरता. हल्ली काही छोट्या, स्वस्त वाइड लेन्स वाकलेल्या रेषा सॉफ्टवेअरने सरळ करण्यावर विसंबून बनवतात. कॅननची आरएफ १६ एमएम एफ २.८ हे ठळक उदाहरण: १६५ ग्रॅमची, खिशात मावते, पण कोपरे ताणून सरळ करताना तिथला बारकावा पातळ होतो. २० जीच्या बाबतीत ही काळजी करायला नको.

खऱ्या ताऱ्यांवर तपासणी करायची असेल तर मे महिन्यात दहाच्या सुमारास चित्रा दक्षिणेला छान वर असते, स्वातीही असते. तीन सेकंदांच्या वर शटर ठेवू नका, आयएसओ हवा तेवढा चढवा. वीस-वीस सेकंदांचे फोटो काढून "माझ्या लेन्सला कोमा आहे" म्हणणाऱ्यांची अर्धी पत्रं पृथ्वीच्या फिरण्याची असतात. पंख आणि रेघ यांत फरक असतो: रेघा सगळ्या एका दिशेने, पंख प्रत्येक कोपऱ्यात वेगळ्या दिशेने.

फोकसबद्दल एक सावधगिरी. या लेन्सची फोकसची रिंग विजेवर चालते, आत भिंगं मोटर हलवते. कॅमेरा बंद-चालू केलात की फोकस होता तिथेच राहील असं धरून चालू नका. अंतराच्या खुणाही लेन्सवर नाहीत. ताऱ्यावर मोठं करून फोकस करा, जांभळी आणि हिरवट कड दोन्ही कमीत कमी दिसतील तिथे थांबा, आणि तासाभराने हवा गार झाली की पुन्हा तपासा. २० एमएम म्हणजे सगळंच फोकसमध्ये, हा समज १.८ ला खरा नाही. नेहमीच्या कोष्टकाने हायपरफोकल (जिथे फोकस केला की लांबचं सगळं बऱ्यापैकी स्पष्ट येतं ते अंतर) साडेसात मीटरच्या आसपास येतो, पण पिक्सेलच्या पातळीवर तारे धारदार हवे असतील तर तेवढ्यावर भागत नाही, फोकस थेट ताऱ्यावरच लागतो.

दव हा आपल्याकडचा खरा शत्रू. धरणाच्या काठावर मध्यरात्रीनंतर पुढचं भिंग पुसत बसावं लागतं, आणि पुसलं की फोकस हलतो. पॉवर बँकेवर चालणारा हीटरचा पट्टा घ्या, २० च्या नळीवर तो नीट बसतो. तिला पुढे ६७ एमएमचा साधा फिल्टर लागतो, हाही मोठा फायदा. १४ जीएमचं पुढचं भिंग फुगीर आहे, पुढे फिल्टर बसत नाही, मागच्या बाजूला जिलेटिनचे पातळ तुकडे कापून सरकवावे लागतात. अंधारात, वाऱ्यात ते करून बघा म्हणजे कळेल.

काजव्यांसाठी वेगळं थोडं लिहितो, कारण तिथे लोक चुकीच्या अपेक्षेने जातात. एका फोटोत झाड लखलखलेलं येत नाही. संधिप्रकाशात झाडाचा आणि डोंगराचा एक स्वच्छ फोटो कमी आयएसओवर घेऊन ठेवा, मग ट्रायपॉड अजिबात न हलवता अंधारात १.८ ला, आयएसओ १६०० ते ३२०० वर, दहा-पंधरा सेकंदांचे फोटो ओळीने घेत राहा आणि घरी ते सॉफ्टवेअरच्या लाइटन मोडमध्ये (प्रत्येक ठिकाणी सर्वांत उजळ तेच ठेवणारा) एकावर एक रचा. फोकस उजेड असतानाच झाडावर लावून ठेवायचा. हिरडा-बेहड्याच्या झाडापासून पंधरा-वीस मीटरवर २० एमएम नेमकी बसते, १४ वर झाड झुडूप होतं. कळसूबाई-हरिश्चंद्रगड अभयारण्यात वन खात्याचे नियम असतात, ते त्या त्या वर्षी विचारून घ्या. आणि टॉर्च, फ्लॅश, गाडीचे दिवे बंद. काजव्यांचं लुकलुकणं हे जोडीदाराला दिलेले इशारे असतात, आपल्या उजेडात ते हरवतात. मोबाइलच्या उजेडात मुलांना काजवे दाखवणारे पालक दिसले तर शिक्षिका म्हणून तुम्ही खुशाल ओरडा.

क्रॉप सेन्सरवाल्या (तुमच्या फुल फ्रेमपेक्षा लहान सेन्सरच्या) वाचकांनी या उत्तरातून स्वतःला वगळू नये. सिग्माची १६ एमएम एफ १.४ घेतली तर छिद्र ११.४ मिलिमीटर, म्हणजे ताऱ्यांच्या हिशेबाने २० जीच्या तोडीची, आणि चौकट फुल फ्रेमवरच्या २४ सारखी. सोनीची ११ एमएम एफ १.८ फक्त १८१ ग्रॅमची आणि देवळांना छान, पण छिद्र ६ मिलिमीटर, तेव्हा ताऱ्यांची अपेक्षा बेताची ठेवा. परीक्षा सगळ्यांना तीच: लांबचा दिवा आणि चार कोपरे.

घेण्याआधी एक करता आलं तर करा. पुण्यात-मुंबईत लेन्स भाड्याने मिळतात, ओळखपत्र आणि डिपॉझिट ठेवून. अमावास्येच्या आसपासच्या शनिवार-रविवारी १४ आणि २० दोन्ही आणून एकाच जागेवरून तेच फोटो काढा. माझं सगळं गणित वाचूनही तुमचा डोळा १४ वर जाऊन बसला तर तीच घ्या, फोटो तुमचे आहेत. मला तसं होईल असं वाटत नाही.

राहिला दुबईचा मावसभाऊ. किमतीत फरक पडेल, पण तिकडच्या बिलावर इथल्या सर्व्हिस सेंटरमध्ये वॉरंटी चालेल का, हे आधी कंपनीच्या ग्राहक सेवेकडून लेखी विचारून घ्या. विमानतळावर कस्टम्सचा प्रश्न आला तर तोही त्यालाच सोडवावा लागेल. तेही एक वेळ सोडा. लेन्सचा एक कोपरा घसरलेला निघाला तर इथला दुकानदार दुसरा डबा उघडतो. मावसभाऊ पुढच्या दिवाळीला येणार. त्याला खजूर आणायला सांगा, लेन्स नाशिकहून नाहीतर पुण्याहून स्वतः तपासून घ्या.